उजेडाचे कारागीर

सप्टेंबर 1939. मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये ‘कंगन’चे काम सुरू होते. नायिका लीला चिटणीस, नायक अशोककुमार. दिग्दर्शनाच्या खुर्चीत फ्रान्झ ऑस्टेन आणि कॅमेऱ्यामागे योझेफ विर्शिंग, दोघेही म्युनिकचे. 3 सप्टेंबरला ब्रिटनने जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारले. व्हाइसरॉय लिनलिथगो यांनी इथल्या कुणालाही न विचारता हिंदुस्थानही युद्धात उतरल्याचे जाहीर केले. कालपर्यंत स्टुडिओत ‘साहेब’ म्हणून वावरणारे जर्मन तंत्रज्ञ एका रात्रीत शत्रुराष्ट्राचे नागरिक ठरले आणि पोलिसांनी त्यांना ताब्यात घेतले. ‘कंगन’ अर्धवट राहिला होता. तो एन. आर. आचार्य यांनी पुरा केला, त्याच वर्षी तो पडद्यावर आला आणि चाललाही चांगला.

एखाद्या कारखान्यातला मुख्य कारागीरच उचलून नेला, तर तो बंद पडायला हवा. बॉम्बे टॉकीज बंद पडली नाही. 1940 साली ‘बंधन’ आला, 1941 साली ‘झूला’, 1942 साली ‘बसंत’. 1943 साली ज्ञान मुखर्जींचा ‘किस्मत’ आला आणि कलकत्त्याच्या रॉक्सी चित्रपटगृहात तो तीन वर्षांहून अधिक काळ मुक्काम ठोकून राहिला. ‘किस्मत’चे छायालेखक होते आर. डी. परिंजा. परिंजांचा हात बॉम्बे टॉकीजमध्ये तयार झाला, तोही विर्शिंगच्या हाताखाली. गुरू तारेच्या कुंपणाआड होता आणि शिष्याने टिपलेली चित्रे देशभर गर्दी खेचत होती.

विर्शिंगविषयी जे थोडेफार लिहिले जाते, त्यात बहुधा ‘अछूत कन्या’, ‘महल’ आणि ‘पाकिजा’ ही तीन नावे येतात आणि विषय संपतो. हे तीन चित्रपट ही त्याची कमाई आहेच. पण त्याच्या कारकिर्दीचे खरे मोल 1939 ते 1943 या काळात दिसते, जेव्हा तो सेटवर नव्हता आणि तरी काम त्याच्याच शिस्तीने चालले होते. पुढे मुंबईतच आणखी एका जर्मनाच्या बाबतीत हेच घडले. त्याचे नाव पॉल झिल्स, आणि त्याचे क्षेत्र होते माहितीपट. दोघांच्याही नशिबी युद्धकैद आली आणि दोघांनीही सुटकेनंतर याच शहरात कॅमेरा पुन्हा उभा केला.

विर्शिंगचा जन्म 1903 सालचा, म्युनिकमधला. त्या शहरात एमेल्का नावाची मोठी चित्रपट कंपनी होती आणि तिथेच तो कॅमेऱ्याचे काम करत होता. 1924 साली हिमांशू राय नावाचा एक बंगाली तरुण एमेल्काच्या दारात उभा राहिला. त्याच्याकडे एडविन आर्नोल्डच्या बुद्धचरित्रावरून चित्रपट काढण्याची कल्पना होती. करार असा ठरला की पैसा आणि नट हिंदुस्थानातून येतील, तंत्रज्ञ आणि यंत्रे म्युनिकहून. दिग्दर्शनासाठी ऑस्टेन निघाला, कॅमेऱ्यासाठी विली कीरमायर आणि बाविशीच्या आसपासचा विर्शिंग. 1925 साली तयार झालेला तो चित्रपट म्हणजे ‘प्रेम संन्यास’, युरोपात ‘लाइट ऑफ एशिया’.

हा चित्रपट आज पाहताना सर्वांत आधी जाणवते ती त्याची माहितीपटाची चाल. सुरुवातीलाच पाश्चात्त्य प्रवासी हिंदुस्थान पाहायला निघतात आणि त्यांच्या मागोमाग कॅमेरा खऱ्या रस्त्यांवर, खऱ्या गर्दीत शिरतो. बुद्धाची गोष्ट त्यानंतर, गयेला भेटलेल्या एका वृद्धाच्या तोंडून सुरू होते. चित्रपटाच्या प्रारंभीच्या पाट्यांवर निर्मात्यांनी अभिमानाने सांगितले आहे की, यात स्टुडिओतला देखावा नाही, कृत्रिम दिवे नाहीत, रंगरंगोटी नाही. जयपूरच्या महाराजांनी हत्ती, घोडे, वस्त्रे, माणसे सारे खुले करून दिले होते. राजवाडा खरा, हत्तीही खरे, आणि उजेड आकाशातून येईल तेवढाच.

त्या उजेडाचीच तर अडचण होती. त्या काळात सर्रास वापरली जाणारी फिल्म लाल रंगाला आंधळी असे. गव्हाळ, सावळा चेहरा तिच्यावर होता त्याहून काळा उमटे आणि पांढरे धोतर किंवा पागोटे दुपारच्या उन्हात इतके फटफटीत होई की त्याचा पोतच पुसला जाई. म्युनिकच्या मवाळ प्रकाशात शिकलेल्या माणसासाठी हा नवा धडा होता. दुपारी बारा ते तीन कॅमेरा झाकून ठेवायचा किंवा माणसाला कमानीच्या सावलीत घ्यायचे. समोरच्या भिंतीवर पडलेले ऊन परत चेहऱ्यावर वळवायचे. पांढऱ्या कपड्यावर थेट ऊन पडू द्यायचे नाही. विजेचा एकही दिवा नसताना हे सगळे जमवावे लागे. पुढे बॉम्बे टॉकीजच्या सेटवर त्याच्या हाताशी दिवे आले, तरी चेहऱ्यावर उजेड कसा पडतो हे तो स्टुडिओबाहेर, उघड्यावर शिकून आलेला होता. त्याच्या चित्रांतला मऊपणा तिथून आला आहे, असे म्हणायला पुरेसा आधार त्याच्या चित्रपटांतच मिळतो.

‘प्रेम संन्यास’नंतर राय-ऑस्टेन जोडीने ‘शिराज’ आणि ‘प्रपंच पाश’ हे आणखी दोन मूकपट केले. त्यांच्यावर विर्शिंग नव्हता. मग बोलपट आले, जर्मनीत 1933 साली हिटलर आला आणि हिमांशू राय यांनी पत्नी देविका राणीसह मुंबईत स्वतःची कंपनी काढायचे ठरवले.

1934 साली बॉम्बे टॉकीजची रीतसर नोंदणी झाली. संचालक मंडळावर सर चिमणलाल सेटलवाड, सर कावसजी जहांगीर, सर फिरोज सेठना अशी वजनदार नावे होती आणि स्टुडिओ उभा राहिला मालाडला, एफ. ई. दिनशॉ यांच्या बंगल्याच्या आवारात. राय यांनी म्युनिकहून जुने सहकारी बोलावले. दिग्दर्शनाला ऑस्टेन, कॅमेऱ्याला विर्शिंग, नेपथ्याला कार्ल फॉन श्प्रेटी, रसायनशाळेला विल्हेल्म त्सोल. ध्वनीसाठी इंग्लंडचा लेन हार्टली आला. या परदेशी मंडळींच्या हाताखाली राय यांनी पदवीधर तरुण नेमले. अट अशी की नुसते काम करायचे नाही, काम शिकायचे. कुमुदलाल गांगुली नावाचा मुलगा रसायनशाळेत फिल्म धुवायला लागला होता. ‘जीवन नैया’चा ठरलेला नायक ऐन वेळी बाहेर गेला आणि राय यांनी या मुलाला कॅमेऱ्यासमोर उभे केले. तोच अशोककुमार.

इथे थोडे कोल्हापूर-पुण्याकडे वळायला हवे, कारण जर्मन तंत्राकडे जायची आणखी एक वाट आपल्याकडे होती. बाबूराव पेंटरांनी कोल्हापुरात स्वतःच्या हातांनी कॅमेरा बनवला होता. त्यांच्याच तालमीत वाढलेल्या दामले, फत्तेलाल, शांताराम या मंडळींनी 1929 साली प्रभात काढली. 1933 साली ‘सैरंध्री’ रंगीत करायची म्हणून शांतारामबापू फिल्म घेऊन थेट जर्मनीला गेले. रंग मनासारखे उतरले नाहीत, पण तिथले स्टुडिओ, तिथली शिस्त, तिथले कॅमेऱ्याचे कोन ते डोळ्यांत भरून घेऊन आले आणि पुढच्या ‘अमृतमंथन’मध्ये त्याचा परिणाम ठळक दिसला. प्रभातने जर्मनीला जाऊन पाहिले आणि परत येऊन आपल्या पद्धतीने केले. बॉम्बे टॉकीजने जर्मनांनाच मालाडला आणून बसवले. पहिली वाट अधिक अभिमानाची वाटते हे खरे. पण रोज दहा तास कुणाच्या तरी शेजारी उभे राहून जे हातात उतरते, ते दुसऱ्या वाटेनेच मिळाले.

त्या वाटेचे उत्तम उदाहरण म्हणजे 1936 सालचा ‘अछूत कन्या’. कथा निरंजन पाल यांची. रेल्वे फाटकाच्या रखवालदाराची मुलगी कस्तुरी आणि ब्राह्मणाचा मुलगा प्रताप. गाव सेटवर उभारलेले आहे हे कळते, झाड खोटे आहे हेही कळते. तरी फांदीवर बसून गाणाऱ्या त्या दोघांच्या चेहऱ्यांवरून नजर हलत नाही. त्या काळी बॉम्बे टॉकीजमध्ये नटांनी सेटवर प्रत्यक्ष गायचे आणि कॅमेरा-ध्वनी एकाच वेळी घ्यायचा अशी रीत होती. म्हणजे कॅमेऱ्याचा घरघराट माइकपर्यंत जाता कामा नये, नटाने डोके फार हलवता कामा नये, आणि दिवे असे लावायचे की माइकची सावली चेहऱ्यावर पडू नये. या सगळ्या बंधनांत विर्शिंगने देविका राणीच्या चेहऱ्यावर वरून-बाजूने येणारा एक मुख्य प्रकाश ठेवला, दुसऱ्या बाजूची सावली हलक्या उजेडाने फक्त उकलली, आणि केसांच्या कडेला मागून एक रेघ दिली. ही रेघ पुढे कितीतरी वर्षे हिंदी चित्रपटांतल्या नायिकांच्या केसांवर चमकत राहिली.

पण त्याच चित्रपटात अजून एक चांगली गोष्ट आहे आणि तिच्याकडे फारसे लक्ष जात नाही. फाटक, सिग्नल, रूळ, येणारी गाडी हे सारे विर्शिंगने सजवलेले नाही. तिथे प्रकाश कोरडा आहे. प्रेमाच्या दृश्यात जो कॅमेरा मऊ होतो, तोच फाटकापाशी आला की माहितीपटाच्या सरळ नजरेने पाहतो. कस्तुरीचा शेवट याच फाटकावर होतो आणि तो अंगावर येतो, त्यात या कोरडेपणाचा वाटा मोठा आहे.

सेटवर काम चालू नसे तेव्हा विर्शिंगच्या हातात लायका असे. त्याने काढलेली स्थिरचित्रे कुटुंबाने जपून ठेवली. 2017 साली गोव्यात सेरेंडिपिटी कला महोत्सवात ती पहिल्यांदा मोठ्या प्रमाणावर लोकांसमोर आली आणि 2023 साली देबश्री मुखर्जी यांच्या संपादनाखाली त्यांचा ग्रंथ निघाला. प्रसिद्धीसाठी काढलेली नायक-नायिकांची देखणी छायाचित्रे त्यात आहेतच. पण बघत राहावे अशी आहेत ती कामाची. बाहेर चित्रीकरणाला निघालेला ताफा, ऊन अडवायला छत्री धरून उभा असलेला माणूस, कॅमेऱ्याभोवती जमलेली पोरे, दोन दृश्यांच्या मध्ये टेकलेले नट. चित्रपटात जे कधीच दिसत नाही, ते सगळे इथे आहे. विर्शिंगने आयुष्यात कथापट केले, पण ही चित्रे म्हणजे तीसच्या दशकातल्या एका हिंदी स्टुडिओचा सविस्तर माहितीपटच आहे, फक्त न हलणारा.

ऑस्टेनची बाजू गुंतागुंतीची आहे. तो 1936 साली नाझी पक्षाचा सदस्य झाला, त्याच वर्षी त्याने अस्पृश्यतेवर घाव घालणारा ‘अछूत कन्या’ दिग्दर्शित केला. या दोन गोष्टी एकाच माणसाच्या एकाच वर्षातल्या आहेत. त्यांची सांगड कशीही घातली तरी ती सुखाची नाही, आणि चित्रपट चांगला आहे म्हणून पक्षाच्या नोंदीवर पांघरूण घालायचे कारणही नाही. त्याच मुंबईत हिटलरच्या छळातून निसटून आलेली मंडळी राहत होती. प्रागहून आलेला वॉल्टर कॉफमन आकाशवाणीत संगीत पाहत होता. आकाशवाणीची पहाटेची ती ओळखधून त्याचीच. बर्लिनचा नामवंत टीकाकार विली हास मोहन भवनानींच्या चित्रपटांच्या कथा-पटकथा लिहीत होता. व्हिएन्नाचा वॉल्टर लँगहॅमर आणि बर्लिनचा रुडी फॉन लायडन यांनी तर आरा, रझा, हुसेन या पिढीच्या पाठीवर हात ठेवला. पोलिसांच्या यादीत मात्र जर्मन भाषा बोलणारा प्रत्येक जण आधी संशयित होता.

युद्ध सुरू होताच मुंबई इलाख्यातल्या जर्मनांना प्रथम अहमदनगरला नेले. तिथून देवळाली, आणि 1941 सालापासून देहरादूनची मोठी छावणी. ‘सेव्हन इयर्स इन तिबेट’ लिहिणारा हाइनरिश हारर याच मार्गाने गेला आणि 1944 साली देहरादूनहून पळाला. कुटुंबे, वृद्ध, फारसा धोका नसलेले लोक पुरंदर आणि सातारा इथल्या छावण्यांत ठेवले जात. पुरंदर चढणाऱ्या आजच्या ट्रेकरला त्या पडक्या बराकींत कधीकाळी युरोपातून पळून आलेली कुटुंबे दिवस मोजत होती हे सहसा ठाऊक नसते. अहमदनगरच्या भुईकोट किल्ल्यात 1942 पासून नेहरू, पटेल, आझाद होते. त्याच्या थोडे आधी त्याच गावात जर्मन कैदी होते. ऑस्टेनला वय झाल्यामुळे लवकर सोडले आणि तो जर्मनीला परतला. पन्नाशीही न गाठलेले हिमांशू राय मे 1940 मध्ये गेले. विर्शिंगची उमेदीची वर्षे मात्र कुंपणाआड सरली.

पॉल झिल्स त्याच वर्षांत कैदी म्हणूनच हिंदुस्थानात आला. त्याचा जन्म 1915 चा, वुपर्टालचा. नाझी जर्मनीतून बाहेर पडून तो हिंडत हिंडत बालीपर्यंत पोचला होता. मे 1940 मध्ये जर्मनीने हॉलंडवर स्वारी केली आणि डच ईस्ट इंडीजमधले सगळे जर्मन त्या दिवशीच पकडले गेले, झिल्सही. जपान जवळ येऊ लागला तशी डचांनी या कैद्यांना जहाजांत घालून हिंदुस्थानकडे रवाना केले. जानेवारी 1942 मध्ये त्यांतल्या ‘व्हान इम्होफ’ या जहाजावर जपानी विमानांनी बॉम्ब टाकले आणि चारशेहून अधिक जर्मन कैदी समुद्रात गेले. बालीत रमलेला चित्रकार वॉल्टर श्पीस त्यांतलाच. झिल्स वाचला.

1945 साली तो सुटला आणि गोष्टीला अनपेक्षित वळण लागले. ज्या सरकारने त्याला डांबले होते, त्याच सरकारच्या ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’ने त्याला कामावर घेतले. ही संस्था युद्धकाळातल्या प्रचारपटांसाठी होती. तिचे चित्रपट प्रत्येक थिएटरला सक्तीने दाखवावे लागत, त्यामुळे लोकांना ते नकोसे झाले होते. तिच्या आधीच्या ‘फिल्म ॲडव्हायझरी बोर्ड’चे निर्मातेपद शांतारामबापूंनी काही काळ सांभाळले होते. माहितीपटाची परंपरा तशी मुंबईला नवी नव्हती. सावेदादा म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी 1899 साली हँगिंग गार्डनमधली कुस्ती टिपली होती, 1901 साली रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तो सोहळाही टिपला होता. पण सुटे तुकडे टिपणे वेगळे आणि माहितीपटाला कला व पेशा म्हणून उभे करणे वेगळे. झिल्सने दुसरी गोष्ट मनावर घेतली.

स्वातंत्र्यानंतर त्याने मुंबईत ‘डॉक्युमेंटरी युनिट इंडिया’ काढले. बरोबर होता फली बिलिमोरिया, वैद्यकीचे शिक्षण सोडून कॅमेऱ्याच्या नादी लागलेला पारशी तरुण. हिवतापावर, आई-बाळाच्या आरोग्यावर, गावांवर, उद्योगांवर, मलबारच्या युद्धनृत्यांवर, निलगिरीच्या तोडा लोकांवर या मंडळींनी चित्रपट केले. 1948 साली सरकारचे फिल्म्स डिव्हिजन सुरू झाले होते आणि माहितीपट म्हणजे सरकारी काम हे समीकरण पक्के होऊ लागले होते. झिल्स या समीकरणाबाहेर उभा राहिला. तेलकंपन्या, उद्योगसमूह, आंतरराष्ट्रीय संस्था अशा ठिकाणांहून तो पैसा उभा करी. 1949 साली त्याने सहकाऱ्यांसह ‘इंडियन डॉक्युमेंटरी’ नावाचे नियतकालिक सुरू केले. माहितीपट कसा करावा, का करावा, कुणासाठी करावा यावर या देशात नेमाने छापून चर्चा करणारे असे व्यासपीठ त्याआधी नव्हते.

कथापटाचा मोह त्यालाही झाला. 1950 साली त्याने ‘हिंदुस्तान हमारा’ केला, त्यात पृथ्वीराज कपूर होते, देव आनंद होता आणि आपल्या दुर्गा खोटे होत्या. 1952 साली रवींद्रनाथांच्या ‘चार अध्याय’वरून ‘जलजला’ केला. दोन्ही चालले नाहीत, आणि तो पुन्हा माहितीपटाकडे वळला. हे बरेच झाले. झिल्सची ताकद माणसाला त्याच्या कामात पाहण्यात होती, गाण्यांमध्ये कथा गुंफण्यात नव्हती.

त्याच्या युनिटमध्ये एक पंजाबी पोरगा उमेदवारी करायला आला होता. एस. सुखदेव. पुढे ‘अँड माइल्स टू गो’, ‘इंडिया 67’, बांगलादेश मुक्तिसंग्रामावरचा ‘नाइन मंथ्स टू फ्रीडम’ असे चित्रपट करून सुखदेवने भारतीय माहितीपटाचा सूरच बदलून टाकला. निवेदकाचा भारदस्त आवाज बंद केला, कॅमेरा रस्त्यावर सोडला, श्रीमंती आणि भूक एकमेकांशेजारी ठेवली. बिलिमोरियाच्या ‘द हाउस दॅट आनंदा बिल्ट’ला 1968 सालच्या माहितीपटांत ऑस्करचे नामांकन मिळाले. तोवर झिल्स इथे नव्हता. पन्नाशीचे दशक संपता संपता तो जर्मनीला परतला होता. मालाडमध्ये जे घडले तेच इथेही घडले: जर्मन गेला, काम थांबले नाही, उलट पुढे गेले.

विर्शिंग मात्र परतला नाही. सुटका झाल्यावर तो पुन्हा बॉम्बे टॉकीजमध्ये रुजू झाला. देविका राणी चित्रपट सोडून गेल्या होत्या, सूत्रे अशोककुमार आणि सावक वाच्छा यांच्या हाती होती. 1948 साली ‘जिद्दी’ आणि 1949 साली कमाल अमरोहींचा ‘महल’. ‘महल’ पाहिलेल्या कुणालाही कथा धड सांगता येत नाही, पण अंधार सगळ्यांना आठवतो. वादळी रात्र, ओसाड हवेली, भिंतीवर स्वतःच्याच चेहऱ्याचे चित्र, दूरवर झुल्यावर बसलेली बाई. विर्शिंगने इथे दिवे लावण्यापेक्षा काढून घेतले. पडद्याचा बराचसा भाग काळा ठेवून त्याने मधुबालेचा चेहरा इतका थोडा आणि इतक्या उशिरा दाखवला की प्रेक्षक तिच्यामागे अशोककुमारइतकाच वेडा व्हावा. लता मंगेशकरांचे ते दुरून जवळ येणारे गाणे आणि हा जवळ असून दूर ठेवणारा कॅमेरा यांनी मिळून ‘महल’ घडवला. संकलन बिमल रॉय यांचे होते, जे स्वतः मूळचे कॅमेरामन. हिंदी चित्रपटांत पुढे कितीतरी पांढऱ्या साड्या हवेल्यांतून फिरल्या, पण तो काळोख पुन्हा कुणाला साधला नाही.

1954 च्या आसपास बॉम्बे टॉकीजला टाळे लागले. विर्शिंग अमरोहींबरोबर राहिला. ‘दिल अपना और प्रीत पराई’ त्याने 1960 साली केला. ‘पाकिजा’ तर त्याआधीच सुरू झाला होता. आधी कृष्णधवल, मग रंगीत, मग सिनेमास्कोप. ज्याने लाल रंगाला आंधळ्या फिल्मवर जयपूर टिपले होते, त्याच माणसाने चाळीस वर्षांनी लाल आणि गुलाबी रंगांनी कोठ्याचे सज्जे, कारंजी, झुंबरे पडद्याच्या रुंदीभर मांडली. त्या देखाव्यांबद्दल कलादिग्दर्शक एन. बी. कुलकर्णी यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. काम अडले, रखडले. विर्शिंग 1967 साली मुंबईत वारला. उरलेले चित्रण इतर छायालेखकांनी, त्याने घालून दिलेल्या उजेडाला धरून, पूर्ण केले. ‘पाकिजा’ 4 फेब्रुवारी 1972 ला झळकला, त्याची नायिका मीनाकुमारी 31 मार्चला गेली.

आज मालाडला बॉम्बे टॉकीजची इमारत छोट्या कारखान्यांच्या आणि गोदामांच्या गर्दीत मोडकळीला आलेली आहे. या माणसांचे काम शोधायचे तर पुण्याला यावे लागते. पुण्याच्या पश्चिमेकडच्या पिरंगुटहून भूगाव ओलांडून चांदणी चौक उतरला की कोथरूड लागते. तिथे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची फिल्मकोठारे आहेत. पुढे लॉ कॉलेज रस्त्यावर संग्रहालयाची मुख्य वास्तू आणि पलीकडे प्रभातच्या जागेवरची फिल्म इन्स्टिट्यूट. संग्रहालय 1964 सालचे. पी. के. नायर यांनी गावोगाव फिरून, अडगळीतून रिळे गोळा करून ते उभे केले. 8 जानेवारी 2003 रोजी इन्स्टिट्यूटच्या आवारातल्या कोठाराला आग लागली आणि शेकडो जुन्या चित्रपटांची नायट्रेट रिळे काही तासांत जळाली. नायट्रेटची फिल्म एकदा पेटली की पाण्याने विझत नाही. त्या आगीचे दुःख मराठी माणसाला व्हायला हवे तेवढे झाले नाही.

पिरंगुटपासून उलट दिशेला गेले की पौड, मग मुळशी. 1921 साली टाटांच्या धरणाविरुद्ध सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली इथे सत्याग्रह झाला. पन्नासएक गावांचा प्रश्न होता. धरणाविरुद्धचा जगातला पहिला लढा म्हणून राजेंद्र व्होरांनी त्याचा अभ्यास केला. तो लढा आज आपण वाचतो. शेतकरी कसे बसले होते, बांधावर बायका कशा उभ्या राहिल्या, पाणी कुठवर चढले होते, हे डोळ्यांनी पाहायची सोय नाही. सावेदादांचा कॅमेरा येऊन तेव्हा वीस वर्षे झाली होती, पेंटरांची ‘सैरंध्री’ 1920 साली पुण्यात लागली होती. यंत्र होते. साध्या माणसाच्या साध्या दिवसावर कॅमेरा रोखावा, त्यातही पाहण्याजोगे असते, ही दृष्टी यायची होती. झिल्ससारख्यांनी पंचवीस-तीस वर्षांनी जे केले त्याची किंमत मुळशीच्या पाण्याकडे पाहताना नीट कळते.

आता पिरंगुटच्या औद्योगिक पट्ट्यात गावे झपाट्याने बदलत आहेत, भातखाचरांच्या जागी शेड उभी राहत आहेत, आणि पौड रस्त्याच्या कडेला लग्नाचे चित्रण करणाऱ्या पोरांकडेही असे कॅमेरे आहेत जे विर्शिंगला स्वप्नातही मिळाले नसते. त्यांना शेजारी उभे करून शिकवणारे कुणी हवे. संग्रहालयात जपलेले विर्शिंगचे चित्रपट आणि फिल्म्स डिव्हिजनचे जुने माहितीपट महिन्यातून एकदा तरी मुळशीच्या शाळा-महाविद्यालयांत दाखवले, एखाद्या जुन्या छायालेखकाने पडद्याशेजारी उभे राहून दिवा कुठे होता, सावली कुठे ठेवली हे बोटाने दाखवले, तर त्याला फार पैसा लागणार नाही. संग्रहालयापासून पिरंगुटपर्यंत पाऊण तासाचाच रस्ता आहे.